संकीर्ण

सरकारी कचेरीत ज्याने आयुष्याची तीस-बत्तीस वर्षे घालविली आहेत, त्याला 'संकीर्ण' या शीर्षाची ओळख करून देण्याचे कारण नाही. इंग्रजी कारभारात त्याचे नाव निराळे, प्रांतोप्रांतीच्या कारभारात आणखी निराळे. परंतु जागा सर्वत्र एकच, यादीच्या अगदी तळाशी. ज्या कागदाचे काय करावे हे कारकुनाला कळत नाही, किंवा कळून घेण्याइतकी सवड त्याला नसते, तो कागद तेथे जातो. माझ्या नोकरीच्या पहिल्याच वर्षी एका विधवा बाईंचा निवृत्तिवेतनाचा अर्ज या शीर्षाखाली दोन वर्षे पडून राहिलेला मी पाहिला. अर्ज नाकारला गेला नव्हता. त्याच्यावर कोणी प्रतिकूल शेरा मारला नव्हता. तो गहाळही झालेला नव्हता. जेथे कोणी शोधणार नाही अशा ठिकाणी तो ठेवला गेला होता, इतकेच. त्या दोन वर्षांत बाईंनी घर कसे चालविले, याची नोंद मात्र कोणत्याही नस्तीत नव्हती.

संगीताच्या परिभाषेत हाच शब्द मानाने वावरतो. रागांचे शुद्ध, छायालग आणि संकीर्ण असे भेद आपल्याकडे फार पूर्वीपासून मानले जातात. संकीर्ण म्हणजे अनेक रागांच्या मिश्रणातून सिद्ध झालेला राग. त्यात काय काय मिसळले आहे हे ओळखावयाला कान चांगला तयार असावा लागतो. म्हणजे शब्द एकच; पण एका ठिकाणी तो जाणकारीची खूण, तर दुसऱ्या ठिकाणी अज्ञानावरचे पांघरूण. वस्तूला नाव देऊन तिच्या जागी ठेवणे ही केवळ सोयीची बाब आहे, की तिच्यात न्याय-अन्यायाचाही संबंध येतो, असा प्रश्न नोकरीत असताना मला अनेकदा पडे आणि कामाच्या रगाड्यात तो तसाच मागे राही. त्याचा विचार करण्याची पाळी आली ती निवृत्तीनंतर, आणि तीही कचेरीशी काडीचा संबंध नसलेल्या एका क्षेत्रात.

माझ्या नोकरीची अखेरची वर्षे कलकत्त्यात गेली, आणि निवृत्तीनंतरही आम्ही तेथेच राहिलो. आमच्या वरच्या मजल्यावर एक वृद्ध गृहस्थ राहात असत. त्यांनी आयुष्यभर शाळेत गणित शिकविले आणि संध्याकाळी एसराज वाजविला. सारी गल्ली त्यांना मास्टरमोशाय म्हणे. आम्हीही तसेच म्हणत असू. एसराज हे गजाने वाजवावयाचे, पडदे असलेले वाद्य. खाली तरफांच्या तारा, आणि आवाज सारंगीपेक्षा सौम्य. बंगालमध्ये, विशेषतः रवींद्रसंगीताच्या साथीला, ते अजून ऐकू येते. इतरत्र ते दुर्मिळ होत चालले आहे. माझा एक भाचा मुंबईस चित्रवाणी मालिकांना पार्श्वसंगीत देण्याचा व्यवसाय करतो. तो एकदा आमच्याकडे आला असता जिन्यात थबकून हा आवाज ऐकत राहिला, आणि दुसऱ्याच दिवशी ध्वनिमुद्रणाचे साहित्य घेऊन वर गेला.

त्याने काय केले ते थोडे विस्ताराने सांगितले पाहिजे, कारण पुढचा सारा प्रश्न त्यातूनच निर्माण होतो. आज संगीतकार संगणकाला जोडलेल्या पट्ट्या दाबतो आणि त्यातून सतार, व्हायोलिन, बासरी, वाटेल ते वाद्य ऐकू येते. तो आवाज यंत्राने कल्पनेने तयार केलेला नसतो. कोणीतरी, कोठेतरी, खऱ्या वाद्यावर वाजविलेल्या एकेका स्वराचे ते मुद्रण असते. ही कल्पना नवी नाही. १९६३ साली इंग्लंडमध्ये मेलोट्रॉन नावाचे वाद्य निघाले. त्यात प्रत्येक पट्टीखाली चुंबकीय फितीचा एक तुकडा असे, आणि पट्टी दाबली की त्या फितीवरचा स्वर सुमारे आठ सेकंद वाजे. १९७९ मध्ये ऑस्ट्रेलियात तयार झालेल्या फेअरलाइट या यंत्राने फितीची जागा संगणकाच्या स्मृतीला दिली. आता असे तुकडे संगणकाच्या साठ्यात असतात; व्यवसायात एका तुकड्याला सॅम्पल म्हणतात आणि त्यांच्या संग्रहाला सॅम्पल लायब्ररी.

हा पसारा किती मोठा होतो, याचा हिशेब मी हिशेबखात्यातला मनुष्य या नात्याने करून पाहिला. पियानोला ८८ पट्ट्या. प्रत्येक पट्टी हळू दाबली असता केवळ आवाज लहान होतो असे नाही, त्याचा पोतही बदलतो; म्हणून प्रत्येक स्वर आठ निरनिराळ्या जोरांनी मुद्रित केला, तर ७०४ तुकडे झाले. पायपट्टी दाबून आणि न दाबता असे दोन्ही प्रकार घेतले की १,४०८. चांगल्या प्रतीच्या दुहेरी मुद्रणाला मिनिटाला सुमारे १७ मेगाबाइट जागा लागते. एकेक तुकडा वीस सेकंदांचा धरला, तर एका पियानोला आठ गिगाबाइट. शिवाय एकच तुकडा लागोपाठ वाजविला तर कानाला तो ताबडतोब यंत्राच्या खडखडाटासारखा लागतो. म्हणून तोच स्वर, त्याच जोराने, तीन-चार वेळा मुद्रित करून आळीपाळीने वाजवावा लागतो. माणसाच्या हातून एकच गोष्ट दोनदा तंतोतंत तशीच कधी होत नाही, हे सत्य या यंत्राने इतक्या रोखठोकपणे मान्य करावे, याची मला गंमत वाटली.

माझ्या भाच्याने मास्टरमोशायांकडून दोन दुपारी २५ स्वर, प्रत्येक तीन जोरांनी आणि प्रत्येक तीन वेळा, असे २२५ तुकडे वाजवून घेतले. दोन स्वरांमध्ये तरफांच्या तारा पूर्ण शांत होईपर्यंत थांबावे लागे. या थांबण्याचा त्यांना कंटाळा येई. "पहिला सूर पुरता विझल्यावर दुसरा लावायचा, म्हणजे दुसऱ्याला एकटे पाडायचे," असे ते मला हसत हसत म्हणाले होते. त्यांच्या म्हणण्यात शास्त्र होते. एसराजावर गंधार लावला जातो तेव्हा आधीच्या रिषभाची गुंजन तरफांत चालूच असते. गंधाराला जो रंग येतो त्यात रिषभाचा वाटा असतो. स्वर स्वच्छ सुटा करून घेणे म्हणजे त्याला त्याच्या शेजाऱ्यापासून तोडणे. मुद्रण संपल्यावर मात्र ते भाच्याच्या आग्रहाला बळी न पडता, स्वतःच्याच इच्छेने, अर्धा तास वाजवीत बसले. तेही मुद्रित झाले.

पुढल्या वर्षी मास्टरमोशाय वारले. त्यांच्या वर्षश्राद्धाच्या सुमारास त्यांची कन्या आमच्याकडे आली आणि म्हणाली, "काकाबाबू, बाबांचे वाजविणे तुमच्या भाच्याकडे आहे ना? आमच्याजवळ काहीच नाही." मी भाच्याला विचारले. "आहे की, मामा. शोधून पाठवतो," तो म्हणाला. आठवडा गेला, दुसरा गेला. शेवटी मला काही कामासाठी मुंबईस जाणे झाले, तेव्हा मीच त्याच्या खोलीत जाऊन बसलो.

त्याच्या संग्रहात सुमारे चाळीस हजार तुकडे होते. त्यांची व्यवस्था पाहून मला माझ्या पहिल्या कचेरीची आठवण झाली. 'नवीन', 'नवीन दोन', 'अंतिम', 'अंतिम खरे' अशा नावांची दप्तरे. आकडे नुसते १, २, १०, ११ असे घातल्यामुळे कित्येक ठिकाणी एकानंतर दहा आणि अकरा, नि मग दोन. मधल्या षड्जाला एक कंपनी तिसऱ्या सप्तकातला म्हणते आणि दुसरी चौथ्या. त्यामुळे दोन ठिकाणचे तुकडे एकत्र केले की अर्धे एक सप्तक वर नाहीतर खाली. सर्वांत बोलकी अडचण आणखी वेगळीच. पडद्यावर जे वाद्य उघडते त्यात बहुधा आवाज नसतातच. असतात ते आवाजांचे पत्ते. दप्तर एका जागेवरून दुसऱ्या जागी हलविले आणि पत्ते बदलण्यास कोणी विसरले, की वाद्य उघडते, पट्ट्या दिसतात, पण त्या मुक्या असतात. वारंवार बदली होणाऱ्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. माणूस असतो, घर असते. जुन्या पत्त्यावर पत्रे मात्र साचत राहतात.

एसराज शोधताना आम्हांला त्याच्या दप्तरांची शीर्षे वाचावी लागली. पियानो, गिटार, तंतुवाद्ये, पितळी वाद्ये, आणि शेवटी 'एथ्निक'. भाच्याने हे शीर्ष स्वतः शोधले नव्हते. १९९१ मध्ये यंत्रनिर्मात्यांनी एकमताने १२८ आवाजांची एक यादी ठरविली. एका यंत्रावर रचलेले गीत दुसऱ्या यंत्रावर त्याच वाद्यांत वाजावे, हा तिचा हेतू, आणि तो हेतू स्तुत्यच होता. जनरल मिडी या नावाने ती प्रसिद्ध आहे. तिच्यात आठ-आठ आवाजांची सोळा कुळे आहेत. चौदाव्या कुळाचे नाव 'एथ्निक'. त्यात १०५ वी सतार, मग बँजो, जपानची शामिसेन आणि कोटो, आफ्रिकेची कलिंबा, बॅगपाइप, फिडल, आणि ११२ वी सनई. या आठांत समान काय आहे? तारेची वाद्ये आहेत, फुंकीची आहेत, पोलादी जिभांचेही आहे. देश निराळे, घडण निराळी, वाजविण्याची रीत निराळी. समान एवढेच, की यादी करणाऱ्याच्या घरात ती नव्हती. याहून उद्बोधक गोष्ट फिडलची. व्हायोलिन आणि फिडल ही दोन वाद्ये नव्हेत. वाद्य एकच आहे. सभागृहात वाजले की ते ४१ व्या क्रमांकावर तंतुवाद्यांत बसते, आणि खेड्यातल्या नाचाला वाजले की १११ व्या क्रमांकावर 'एथ्निक'मध्ये जाते. त्याच यादीत हेलिकॉप्टरला १२६ वा क्रमांक मिळाला आहे. तबल्याला क्रमांकच नाही.

यात कोणाचा दुष्टावा होता असे मला वाटत नाही. पण अन्यायाला दुष्टाव्याची गरज लागतेच असेही नाही. परप्रांतांत मुलांच्या शाळाप्रवेशाचे कागद आपण भरले आहेत. मातृभाषेच्या रकान्यात चार-पाच भाषांची नावे आणि शेवटी 'इतर'. त्या शब्दापुढे खूण करताना मनाला किंचित काहीतरी टोचते. आपला अपमान झालेला नसतो; परंतु ज्ञानेश्वरांपासून चालत आलेली भाषा त्या क्षणापुरती, यादी करणाऱ्याला ठाऊक नसलेल्या गोष्टींपैकी एक होऊन जाते. 'इतर' हे नाव वस्तूविषयी काही सांगत नाही. ते यादी करणाऱ्याविषयी सांगते.

वर्गीकरण नेहमीच असे झाले आहे असे मात्र नाही, आणि याचा पुरावा मास्टरमोशायांच्याच शहरात आहे. भरताच्या नाट्यशास्त्रात वाद्यांचे चार वर्ग सांगितले आहेत: तत, अवनद्ध, घन आणि सुषिर. तारेची, चामड्याने मढविलेली, ठोकून वाजणारी भरीव, आणि पोकळीत वारा भरून वाजणारी. ही विभागणी वाद्य कोणत्या देशाचे, दरबारातले की रस्त्यावरचे, हे विचारतच नाही. त्यात कंप कशाचा होतो, एवढेच विचारते. कलकत्त्याच्या पाथुरियाघाटा घराण्यातील सौरींद्रमोहन टागोर यांनी १८७६ मध्ये बेल्जियमच्या राजाला सुमारे शंभर भारतीय वाद्ये भेट पाठविली. ब्रुसेल्सच्या संग्रहालयाचे अभिरक्षक माहियों यांच्यापुढे ती आली, आणि १८८० पासून त्यांनी प्रसिद्ध केलेल्या सूचीत जगातील वाद्यांचे चार वर्ग पाडले, ते भरताच्या चार वर्गांशी जुळतात. भारतीय वाद्ये आणि त्यांबरोबर आलेली माहिती यांचा त्यात वाटा होता, असे संगीतज्ञ मानतात. माहियों यांच्या पायावर हॉर्नबॉस्टेल आणि झाक्स यांनी १९१४ मध्ये जी पद्धती उभारली, ती आजही जगभरच्या संग्रहालयांत चालते. तिच्यात व्हायोलिन आणि सारंगी एका कुळात बसतात आणि कोणालाही 'इतर' व्हावे लागत नाही.

तेव्हा प्रत्येक व्यवस्था सारखीच पक्षपाती असते, हे अलीकडे फार ऐकू येणारे मत मला पटत नाही. वस्तूकडे पाहून केलेली व्यवस्था आणि स्वतःच्या सोयीकडे पाहून केलेली व्यवस्था यांत फरक आहे. तबल्याचे बोल पाहा. 'धा', 'ना', 'तिं', 'गे' ही नावे कोणी टेबलाशी बसून दिलेली नाहीत; हाताने जे केले ते तोंडाने म्हणता यावे, म्हणून ती वादकांच्या तोंडी घडली. 'ना' आणि 'ता' यांचा आघात पुष्कळदा एकच असतो. शेजारी कोण आहे त्यावरून त्याला हे किंवा ते नाव मिळते. 'धा' हा एक बोल, पण त्यात दोन हात आहेत. अशा नावांत ज्ञान साठविलेले असते. याउलट 'ठोका ०१७' या नावात काहीच साठविलेले नसते. ते नाव देणाऱ्याने ठोका ऐकला होता, याचीसुद्धा खात्री देता येत नाही.

एसराज सापडला. 'एथ्निक'च्या पोटात, 'गज' नावाच्या दप्तरात, 'बी सात' या नावाखाली. २२५ तुकडे होते, एकही कमी नव्हता. जे नव्हते ते शेवटचे अर्ध्या तासाचे वादन. जागा अपुरी पडू लागल्यावर भाच्याने सुटे स्वर कापून घेतले होते आणि 'उरलेले' पुसून टाकले होते. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "मामा, सूर तर सगळे आहेत." ते खरेच होते. स्वर सगळे होते. मृदू होते, तीव्र होते, प्रत्येक तीन-तीनदा होता. मास्टरमोशायांनी जे जे वाजविले असते ते सर्व त्या २२५ तुकड्यांतून जुळविता आले असते, असे तत्त्वतः म्हणता येईल. जसे वर्णमालेतून सारे वाङ्मय जुळविता येते असे म्हणता येते. त्यांच्या मुलीला काय द्यावयाचे, हा प्रश्न त्याने सुटत नव्हता.

तिला दूरध्वनीवरून मी खरे ते सांगितले. तिने रागावून काही म्हटले नाही. हे सूर कोठे वापरले आहेत का, असे तिने विचारले. भाच्याने सांगितले, एका मालिकेत, मृत्यूच्या प्रसंगी, थोडे वापरले आहेत. थोडे थांबून तिने विचारले, "कोणता राग होता?" त्याला उत्तर देता आले नाही. त्याने आवाज निवडला होता; राग निवडलाच नव्हता. मास्टरमोशायांनी अनुमती दिली होती आणि ठरलेले मानधनही घेतले होते. व्यवहार चोख होता. तरीही ज्या हाताने आयुष्यात रागाबाहेर एक स्वर लावला नाही, त्या हाताकडून आपण काय वाजवून घेत आहोत, हे विचारण्याचे बंधन कराराने संपते का? मला वाटते, संपत नाही. तुकडा जितका सुटा, तितका तो आज्ञाधारक. आणि आज्ञाधारकाच्या बाबतीत आपली जबाबदारी वाढते, कमी होत नाही.

निघण्यापूर्वी मी, जुन्या सवयीने, 'संकीर्ण' उघडून पाहू म्हणालो. भाच्याच्या संग्रहातही ते होतेच. त्यात एक मुद्रण 'खोली शांतता' या नावाचे होते. मुद्रणाच्या जागी कोणी काही न बोलता-वाजविता मिनिटभर नुसती शांतता मुद्रित करून ठेवण्याची पद्धत आहे. पुढे तुकडे जोडताना ती उपयोगी पडते. हे मुद्रण मात्र सहा मिनिटांचे निघाले. पहिल्या मिनिटानंतर यंत्र बंद करावयाचे राहून गेले होते. पारव्यांचा आवाज, खाली कोणा फेरीवाल्याची आरोळी, मग खुर्ची सरकल्याचा आवाज. आणि नंतर, काम संपले असे समजून, मास्टरमोशाय स्वतःपुरते वाजवू लागले होते. मोजून साडेचार मिनिटे. ते आम्ही त्याच रात्री कलकत्त्यास पाठविले.

ही हकीकत सांगून 'संकीर्ण' या शीर्षाचा मला गौरव करावयाचा नाही. तो योगायोग होता. आणि योगायोगावर कोणाच्या वडिलांचा आवाज सोपविणे योग्य नव्हे. विधवा बाईंच्या अर्जाला तसा योगायोग दोन वर्षे लाभला नव्हता. परंतु माझ्या पूर्वीच्या मताला मला थोडी मुरड घालावी लागली, हे कबूल केले पाहिजे. अशा शीर्षाची मला नेहमी चीड येई. कोणत्याही सुव्यवस्थित दप्तरात ते नसावे, असे मी हाताखालच्या लोकांना सांगत असे. आता वाटते की ते असावेच लागते. कारण कोणतीही व्यवस्था सर्व वस्तूंना पुरी पडत नाही, आणि जे पुरे पडत नाही ते फेकून देण्यापेक्षा ठेवणे बरे. दोष ते शीर्ष असण्यात नाही. ते न उघडण्यात आहे. जे आज आपल्याला ओळखता आले नाही, त्याला 'ओळखावयाचे राहिले आहे' म्हणून ठेवणे वेगळे, आणि 'ओळखण्यासारखे नाही' म्हणून ठेवणे वेगळे. पहिल्यात नम्रता आहे, दुसऱ्यात उद्दामपणा. आणि बाहेरून दोहोंवर चिठ्ठी एकच असते.

पुढचे चार दिवस मी भाच्याकडे राहिलो आणि आम्ही दोघांनी मिळून त्याचे दप्तर लावले. 'एथ्निक' काढून टाकले. वाद्ये भरताच्या चार वर्गांत गेली. पियानोही आपल्या तारांसह तत वर्गात येऊन बसला, आणि कोणाचे काही बिघडले नाही. संगणकात एक वस्तू अनेक शीर्षांखाली दाखविता येते, ही लोखंडी कपाटात नसलेली सोय आहे. तिचा उपयोग केला. प्रत्येक तुकड्याच्या नोंदीत वाद्य, स्वर आणि जोर यांच्याबरोबर कोणी वाजविले, कोठे आणि केव्हा, हे लिहिले. कित्येक ठिकाणी भाच्याला नाव आठवेना. तेथे रकाना कोरा ठेवला, 'अज्ञात' असे लिहू दिले नाही. माणूस अज्ञात नव्हता. आपण विचारले नव्हते. मूळ अखंड मुद्रण कापल्यानंतरही ठेवावयाचे, असा एक नियम केला. आणि 'संकीर्ण' दर वर्षाच्या आरंभी उघडून पाहावयाचे, असा दुसरा.

या व्यवस्थेने त्याचे संगीत सुधारेल असे मी त्याला सांगितले नाही. उलट, नुसती दप्तरे लावीत बसून वर्षच्या वर्षे काही न रचणारे लोक त्याच्या व्यवसायात आहेत, असे तोच मला सांगत होता. तसे लोक मी कचेरीतही पाहिले आहेत. व्यवस्था हे कार्य नव्हे. पण ज्या वस्तू आपल्या हाती आल्या आहेत त्यांच्याकडे एकदा नीट पाहिले होते, याचा तो पुरावा असतो. आणि पुष्कळदा एवढे पाहणे हेच आपण दुसऱ्याचे देणे लागतो.

कलकत्त्यास परतल्यावर वरच्या मजल्यावरून मला एसराज ऐकू आला. जिन्यात उभा राहून मी ऐकले. ती साडेचार मिनिटे होती. खुर्ची सरकल्याच्या आवाजासह त्यांनी ती लावली होती.